कालवणापुरतं म्हावरं

बाबा,

तुझ्या केसचा निकाल लागला, आणि तो तुझ्या बाजूने लागला. जरा उशीर झाला. तू गेल्यावर लेबर कोर्टात लागला, मग कंपनी वरच्या कोर्टात गेली, तिथेही तुझ्याच बाजूने लागला. तोवर कंपनीचं नाव बदललं, गेटचा रंग बदलला आणि तुला कामावरून काढणारे साहेब तुझ्यामागोमाग वर पोचले. तिथे गाठ पडली असेल तर हातमोज्यांचा विषय काढू नकोस. त्यांना आता अपील करायला जागा उरलेली नाही.

लिहायला बसले तेव्हा हात आपोआप 'तुम्ही' लिहायला निघाला. इतकी वर्षं शाळेत संस्कृत शिकवून माणसाच्या हाताला अशा खोडी लागतात. पण घरात मी तुला कधी अहोजाहो केलं नाही आणि आता मेल्यावर तुझा मान वाढवला तर तूच विचारशील, 'काय गो, काय पायजे तुला?' तेव्हा 'तू'च बरं. संस्कृतवरून तू केलेली चौकशी मी विसरलेले नाही. पालघरच्या कॉलेजात मी तो विषय घेतला असं सांगितलं, तेव्हा तू ओट्यावर बसून नखातला पिवळा रंग काडीने काढत होतास. 'ती भासा बोलतं कोन?' 'आता कोणी नाही.' 'कोनीच नाय?' 'नाही.' तू थोडा वेळ काडी चालवलीस आणि म्हणालास, 'बरं हाय. भांडनं तरी होत नसतील.' नंतर माझ्या गुरुजींनी संस्कृतातल्या वादविवादांचे ग्रंथ दाखवले तेव्हा तुझं हे मत मी त्यांना सांगितलं. ते दिवसभर हसत होते.

तो पिवळा रंग. आजोबांची होडी काकाच्या हातात गेली, एका होडीवर दोन भावांची पोटं नीट भरेनात, आणि तेवढ्यात तारापूरला कारखाने आले. महिन्याच्या महिन्याला पगार, दर्याला भरती असो की ओहोटी, ही गोष्ट तुला जादूसारखी वाटायची. तू सातपाटीहून एसटीने पालघरला, तिथून शटलने बोईसरला, पुढे चालत कंपनीत जायचास. कपड्यांना लागणारा रंग तिथे पावडरीच्या रूपात निघायचा, आणि तुमच्या खात्यात त्या वेळी पिवळा होता. तुझी उशी पिवळी, गंजी पिवळी, भाताच्या ताटावर बोटांचे ठसे पिवळे. आई म्हणायची, 'हळद लावलेला नवरा मिलाला मला, रोजचा.' मग कोणाच्या तरी हाताची कातडी सोलून निघाली आणि तुम्ही सगळ्यांनी हातमोजे मागितले. तुझ्या शेजारच्या मशीनवरचा बिहारी दोस्त म्हणायचा, 'भैया, दस्ताना ही तो माँगा है, दहेज थोड़े माँगा है.' साहेबांना ते हुंड्यासारखंच वाटलं असावं. तुम्ही एक पाळीभर गेटसमोर बसलात, आणि बसलेल्यांपैकी जे पुढच्या रांगेत होते ते कामावरून गेले. तू उंच असल्यामुळे खरं तर मागे बसायला हवं होतंस.

वकिलांच्या खोलीतला तो दिवस मला अजून दिसतो. पालघरच्या बाजारात, किराणा दुकानाच्या वर, जिना असा की खाली मिरच्यांची पोती आणि वर पोचेपर्यंत अशील आपोआप रडवेला. तू मला बरोबर नेलंस, कारण कॉलेजात जाणाऱ्या मुलीला इंग्रजी कागद वाचता येत असणार. मी कॉलेजात संस्कृत वाचते हे त्या दिवशी दोघांनीही उघड केलं नाही. वकील भला माणूस होता, युनियनची केस म्हणून फी सावकाश घेणारा. तो समजावतो आहे: केस जिंकलो तर नोकरी परत, आणि मधल्या सगळ्या काळाचा पगार. पण एक अट आहे. त्या काळात तुम्ही दुसरीकडे कमावत नव्हता, हे कोर्टाला पटलं पाहिजे. कमावत होता असं निघालं, तर पगार गेला. तू मान हलवतोस. मग विचारतोस, 'म्हंजे काम नाय करायचं?'

'करा हो. पोट आहे. फक्त कोर्टात सांगायचं, घरी बसून होतो.'

'आनि बसलेलो नसलो तर?'

'तरी तसंच सांगायचं.'

'खोटं?'

वकिलांनी चष्मा काढला, धोतराच्या सोग्याने पुसला, परत लावला. 'खोटं नाही. कायद्याची भाषा आहे ती.'

तू माझ्याकडे पाहिलंस. भाषांचा जाणकार म्हणून माझं मत विचारतो आहेस असं वाटलं, म्हणून मी छताकडे पाहिलं. परतीच्या एसटीत शिरगाव मागे पडल्यावर तू म्हणालास, 'मग बसतो.' आई तेव्हा सुकी मासळी घेऊन बाजार करत होती, म्हणजे घर अगदीच वाऱ्यावर नव्हतं. खोटं बोलायला नको म्हणून तू खरोखरच बेकार व्हायचं ठरवलंस. एवढा सरळ माणूस त्या वकिलाने आधी पाहिला नसेल. नंतरही पाहिला नाही, हे त्यानेच मला सांगितलं.

पण बसणं तुला जमेना. पहिला आठवडा तू उपड्या घातलेल्या होडीच्या सावलीत, मांडीवर हात ठेवून, फोटो काढायला बसवल्यासारखा बसलास. ओहोटीला काकाची होडी चिखलात रुतली, चार माणसं खांदा लावून ढकलत होती, आणि तू बसून बघतो आहेस. मी शपथेवर सांगते, तुझे पाय तुझ्या आधी उठले. तू गेलास, खांदा लावलास, होडी वर आली, टोपल्या उतरवल्यास. मग जे नेहमी होतं ते झालं. आमच्याकडे होडीला ज्याचा हात लागला त्याच्या पुढे कालवणापुरतं म्हावरं येतं. कोणी मागत नाही, कोणी मोजत नाही, त्याला मजुरी कोणी म्हणत नाही. ते फक्त दोन जण नाकारतात: एक, ज्याच्या घरात सुतक आहे तो, आणि दुसरा, ज्याने त्या होडीशी संबंध तोडला तो. काकाने टोपलीतून दोन पापलेटं आणि ओंजळभर बोंबील काढून तुझ्यापुढे केले. आणि तू हात मागे घेतलेस.

काकाला आधी कळलंच नाही. 'घे की.'

'नको.'

'कोन गेलं?'

'कोन नाय गेलं. नको मला.'

'मंग?' काकाचा आवाज चढला. किनाऱ्यावरच्या बायका टोपल्या ठेवून उभ्या राहिल्या. 'माज आला काय कंपनीचा? कंपनीनं लाथ घातली तरी माज ऱ्हायला?'

'दादा, घेतलं तर मजुरी होते ती.'

'मजुरी? मी तुला मजूर ठेवलाय काय?'

'वकील बोलला.'

'तुजा वकील कदी होडी ढकलाया आलता?'

याचं उत्तर वकिलाकडेही नसतं. काका ते म्हावरं परत टोपलीत टाकून निघून गेला, आणि दुसऱ्या दिवशी ओहोटीला तू पुन्हा तिथेच, पुन्हा खांदा लावून. काकाने न बोलता हात पुढे केला, तू न बोलता मान फिरवलीस. असं रोज. फळाची आशा न धरता काम करावं यावर मी पुढे आयुष्यभर तास घेतले, मुलांकडून उत्तरं लिहून घेतली. पण ते तत्त्व मी पहिल्यांदा पाहिलं ते चिखलात गुडघाभर उभं असलेलं, लेबर कोर्टाच्या भीतीने पाळलेलं. गुरुजींना हेही सांगितलं होतं. त्यावर मात्र ते हसले नाहीत.

हळूहळू काकाने हात पुढे करणंही सोडलं. दोघे एकाच होडीला दोन बाजूंनी खांदा लावायचात आणि एकमेकांशी बोलायचा नाहीत. गावात दोन मतं झाली. एक मत म्हणायचं की तू गर्विष्ठ झालास, दुसरं मत म्हणायचं की तू रिकामटेकडा झालास आणि बायकोच्या जिवावर खातोस. आपल्या गावात पुरुषाला यापेक्षा वाईट नाव नाही. आणि आईला लिलावात उभं राहून घरच्या कालवणासाठी म्हावरं विकत घ्यावं लागलं. होडीवाल्यांच्या घरातली बाई कालवणाचं म्हावरं विकत घेते, ही बातमी पार एडवण गावापर्यंत गेली असणार. एकीने विचारलंच, 'काय गो, दिराच्या होडीचं जालं तुटलं काय?' आई म्हणाली, 'आमचं म्हावरं सरकारकडं हाय. निकाल लागला की येनार हाय.' हे सांगताना ती हसायची. घरी येऊन चूल फुंकताना हसत नसे.

मग एक दिवस ताटात बोंबील आले. ताजे, आणि लिलावात मिळतात तसे लहानमोठे मिसळलेले नाहीत, एकसारखे निवडलेले. मी सुटीला घरी होते. तू ताटाकडे बघितलंस, आईकडे बघितलंस. काकू आदल्या संध्याकाळी आईच्या टोपलीपाशी फार वेळ वाकून काहीतरी शोधत होती ते मी पाहिलं होतं. तू कदाचित पाहिलं नव्हतंस, कदाचित पाहिलंही असेल. तू तोंड उघडलंस, 'हे कुटनं...'

'जेव,' आई म्हणाली. भाताची वाटी ताटात उपडी करत, अगदी रोजच्या आवाजात. 'इचारलंस तर मला सांगावं लागंल. मी सांगितलं तर तुला कोर्टात सांगावं लागंल.'

तू तोंड मिटलंस. मग ते परत उघडलंस ते घास घ्यायला. मी इतके ग्रंथ वाचले, पण नवरा-बायकोमधल्या करारावर इतकं नेमकं कुठे वाचलं नाही. पुढची सगळी वर्षं आपल्या घरी बोंबील येत राहिले, पापलेट येत राहिलं, आणि कुठून येतं हे तू कधी विचारलं नाहीस. फक्त एकदा, वाळवणाचे बोंबील खाताना, तू स्वतःशीच म्हणालास, 'मीठ जरा जास्त घालते.' कोण घालते हे बोलला नाहीस. आईने ऐकलं नाही असं दाखवलं, आणि पुढच्या वेळी मीठ कमी होतं.

तुझी साक्ष झाली तोवर मी शाळेत लागले होते. रजा काढून ठाण्याला तुझ्याबरोबर आले. तू पांढरा सदरा घातला होतास आणि नखं इतकी घासली होतीस की बोटांची टोकं लाल झाली होती. पिवळा तरी नखाच्या मुळाशी होताच. म्हणालास, 'ऱ्हाऊ दे. कंपनीनं सोडलं, रंग अजून ड्युटीवर हाय.' मग तू पिंजऱ्यात उभा, आणि कंपनीचा वकील, तरुण, गुळगुळीत दाढीचा, कागद चाळतो आहे. आपले वकील माझ्या पुढच्या बाकावर. संपूर्ण पगार या एका तासावर होता, आणि हे त्या खोलीत तू सोडून सगळ्यांच्या तोंडावर दिसत होतं.

'तुमच्या भावाची होडी आहे?'

'हाय.'

'तुम्ही त्या होडीवर काम करता?'

'दर्यात नाय जात. हात लावतो. ढकलाया, उतरवाया.'

आपल्या वकिलांनी डोळे मिटले. घरी बसून होतो, एवढंच म्हणायचं होतं.

'रोज?'

'ओहोटी रोजच येते साहेब.'

'त्याबद्दल काय मिळतं?'

'काय नाय.'

'इतकी वर्षं फुकट? असा माणूस असतो का?'

'किनाऱ्यावर या. दाकवतो.'

कोणीतरी हसलं. तरुण वकील हसला नाही, तो हुशार होता. 'मासेमारी करणाऱ्यांच्या गावात राहता. घरी मासे खाता की नाही?'

'खातो.'

'कुठून येतात?'

'बायको वाढते.'

'ती कुठून आणते?'

'इचारलं नाय.'

'इतक्या वर्षांत एकदाही विचारलं नाही? का?'

बाबा, तू इथे थांबला असतास तरी चाललं असतं. नवरा विचारत नाही, यात कोर्टाला काही नवल वाटलं नसतं. पण तुला प्रश्न विचारला की उत्तर द्यायची खोड. तू हात कठड्यावर ठेवलेस आणि म्हणालास, 'इचारलं असतं तर आज तुमाला सांगावं लागलं असतं.'

जज्ज खाली मान घालून लिहीत होते ते थांबले. त्यांनी तुझ्याकडे पाहिलं, बराच वेळ, मग परत लिहायला लागले. काय लिहिलं ते कळायला वर्षं जायची होती. बाहेर व्हरांड्यात आपले वकील भिंतीला टेकून उभे होते. मला म्हणाले, 'बाई, यापुढे तुमच्या वडिलांना मी कुठल्याच केसमध्ये साक्षीदार म्हणून उभं करणार नाही.' मग सोग्याने चष्मा पुसत राहिले, गरजेपेक्षा जास्त वेळ.

आणि त्याच दिवसाची संध्याकाळ. ती लिहायचीच राहिली तर या पत्राला अर्थ नाही. आपण सातपाटीला उतरलो तेव्हा ओहोटी लागली होती आणि काकाची होडी नेहमीच्या जागी रुतलेली. तू कोर्टातला पांढरा सदरा काढून माझ्या हातात दिलास आणि चिखलात उतरलास. होडी वर आली. टोपल्या उतरल्या. बाकीच्यांना म्हावरं वाटलं गेलं, तुझ्यापुढे कोणी हात करेना, कारण ती सवयच मोडली होती. तू जायला वळला नाहीस. तू काकासमोर जाऊन उभा राहिलास आणि दोन्ही हातांची ओंजळ पुढे केलीस. आपल्याकडे मागत नाहीत बाबा. मी तुला त्याआधी आणि त्यानंतर कोणापुढे असा उभा पाहिला नाही.

काका बघतच राहिला. 'काय?'

'साक्ष झाली.'

'कुनाची?'

'माजी. सांगून आलो, काय घेतलं नाय म्हनून. आता घ्याया हरकत नाय.'

काकाने ओंजळीकडे पाहिलं, मग टोपलीकडे. त्याने त्यातून निवडून काढलं नाही. अख्खी टोपली उचलून तुझ्या ओंजळीवर उपडी केली, बोंबील तुझ्या मनगटांवरून, पोटावरून चिखलात घसरत गेले, आणि तो म्हणाला, 'खा मंग. मेल्या, वालून काठी जालास.' तुम्ही दोघे वाकून ते चिखलातले बोंबील वेचत होता. वेचता वेचता तू त्याला कोर्टाचं काहीतरी सांगत होतास आणि तो 'हां, हां' करत होता. मी लांब उभी होते, हातात तुझा सदरा. तो पगार बुडाला तरी आता चालेल, असं मला त्या वेळी वाटलं. हे आईला मात्र मी सांगितलं नाही, कारण बाजार ती करत होती.

पुढचं तुला ठाऊक आहे. छातीचं दुखणं, पालघरचं हॉस्पिटल, आणि काकाच्या खांद्यावरून तू गेलास. त्यानंतरचं आता सांगते. तू जिवंत होतास त्या शेवटच्या दिवसापर्यंतचा पगार आईला मिळाला. आईने त्यातले काही पैसे रुमालात बांधले आणि मला घेऊन काकाकडे गेली. काका जाळं शिवत बसला होता. आता फार हळू शिवतो.

'पैशे कसले?'

'म्हावऱ्याचे. इतकी वर्सं खाल्लं.'

'कोनी दिलं तुला म्हावरं?'

आई गोंधळली. आत काकू जोरात खोकली.

'मी तर नाय दिलं,' काका म्हणाला, सुतावरची नजर न काढता. 'माज्या घरातनं कोन काय कुटं देतं, मी इचारत नाय.' मग गाठ मारून म्हणाला, 'आनि पैशे घेतले तर माजा भाऊ माजं गिऱ्हाइक होईल. ने ते. चुलीपाशी फरशी घाल.' आईने फरशी घातली. पाय गार राहतात, पण ती खूश आहे. वकिलांची उरलेली फी मी जाऊन दिली. जिन्याखाली अजून मिरच्याच आहेत.

मग आईने निकालाचे कागद माझ्यापुढे ठेवले. वरच्या कोर्टाचे, इंग्रजीतले. 'वाच. तुज्या बाबाबद्दल काय लिवलंय ते सांग.' मी शोधलं. तुझ्याबद्दल तुझ्या पगाराचा हिशोब सोडला तर एकच वाक्य होतं, आणि साऱ्या पगाराचा आधार तेच होतं. त्याचा अर्थ असा की, हा कामगार काढल्या दिवसापासून अखेरपर्यंत पूर्णपणे बेकार होता आणि त्याने कोणतंही काम केलं नाही. आई माझ्या तोंडाकडे बघत होती. दारात काकू होती, शेजारची एक बाई होती. मी कागदावर बोट ठेवलं आणि सावकाश, शब्द शोधल्यासारखं करत वाचलं: 'तो रोज ओहोटीला होडीला हात लावायला जात असे आणि त्याबद्दल त्याने काही घेतलं नाही.'

आई म्हणाली, 'एवडंच? ते सगल्या गावाला ठावं हाय. त्याला कोर्ट कशाला लागतं?' आणि उठून भात बघायला गेली.

मी चूक भाषांतर करणाऱ्या मुलांचे गुण कापते. माझ्या या भाषांतराला मी शून्य दिलं असतं. वकिलांना विचारलं तर ते म्हणतील खोटं नाही, भाषा आहे. तू काय म्हणाला असतास ते मला माहीत आहे, म्हणून कोणाला तरी खरं सांगून टाकावं असं वाटलं आणि तुला लिहायला बसले. तुला पाठवायला पत्ता नाही. सातपाटी पोस्टातला माणूस अजून तोच आहे, तो तुझं नाव वाचून नुसता माझ्याकडे बघत राहील. तेव्हा हे इथेच माझ्या संस्कृत शब्दकोशाच्या पानांत राहील. आणि एक सांगते, रागावू नकोस. तू समोर ओट्यावर बसला असतास, नखातला रंग काढत, आणि म्हणाला असतास, 'वाच गो, काय लिवलंय माज्याबद्दल', तर ते वाक्य मी तुलाही असंच वाचून दाखवलं असतं.